खजुराला बेकनचे वेष्टन : गोड-खारट जोडीचे पाकशास्त्र

यवतमाळ, प्रतिनिधी -
जेवणाआधी पाहुण्यांसमोर काय ठेवायचे, या प्रश्नाला आपल्याकडची उत्तरे ठरलेली आहेत. भजी, वडे, पापड, फार तर पनीरचे तळलेले तुकडे. पुण्या-मुंबईत वा परदेशात नोकरी करणारी मुले सुटीत घरी येतात, तेव्हा या यादीत एखाद्या अनोळखी पदार्थाची भर पडते. बेकनमध्ये गुंडाळून भाजलेला खजूर हा त्यापैकीच एक. साहित्य मोजके, कृती अर्ध्या तासाची. तरीही पहिल्या प्रयत्नात तो फसण्याचा संभव बराच असतो. दोष बहुधा मांसाला दिला जातो. खरे कारण मात्र फळाच्या निवडीत आणि आचेच्या घाईत सापडते.

प्रथम बेकन म्हणजे काय ते पाहू. डुकराच्या पोटाकडील चरबीयुक्त मांस मिठात, बहुधा थोड्या साखरेसह, मुरवतात. त्यात अत्यल्प प्रमाणात सोडियम नायट्राइट असते. त्यानंतर त्याला धुरी देऊन पातळ काप काढले जातात. नायट्राइटमुळे मांसाचा गुलाबी रंग टिकतो. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, ‘बॉट्युलिझम’ ही प्राणघातक विषबाधा घडविणाऱ्या जिवाणूंची वाढ त्यामुळे रोखली जाते. हा पदार्थ आपल्या राज्याला अगदीच परका नाही. पंचवार्षिक योजनांच्या काळात देशात जे सरकारी बेकन कारखाने उभे राहिले, त्यांत पश्चिम बंगालमधील हरिणघाटा, आंध्रातील गन्नावरम, केरळमधील कूथाट्टुकुळम यांच्या जोडीला मुंबईतील बोरिवलीचाही समावेश होता. विदर्भाच्या स्वयंपाकघरापर्यंत मात्र तो फारसा पोहोचला नाही.

फळाला वा अन्य घासाला बेकनचे वेष्टन देण्याची रीत इंग्लंडमधली. व्हिक्टोरियाकालीन भोजनात अखेरीस एक खारट पदार्थ वाढला जाई. बेकनमध्ये गुंडाळलेल्या कालवांना ‘एंजल्स ऑन हॉर्सबॅक’, म्हणजे घोड्यावरचे देवदूत, असे नाव पडले. कालवांच्या जागी काळाभोर आलुबुखारा आला, तेव्हा साहजिकच देवदूतांचे सैतान झाले! या सैतानांच्या पोटात आंब्याची चटणी भरण्याचीही पद्धत आहे; म्हणजे हिंदुस्थानशी त्याचे नाते अगदीच दूरचे नाही. स्पेनमध्ये आलुबुखाऱ्याऐवजी खजूर घेतात. अमेरिकेतील ‘रुमाकी’ या पदार्थात कोंबडीची कलेजी आणि ‘वॉटर चेस्टनट’ असते. या नावाचे भाषांतर अनेकदा ‘शिंगाडा’ असे केले जाते, ते मात्र चूक आहे. पूर्व विदर्भातल्या तलावांत पिकणारा शिंगाडा आणि चिनी स्वयंपाकातले ते कंद या दोन वेगळ्या वनस्पती आहेत.

गोड आणि खारट यांची ही जोडी आपल्या जिभेला नवी नाही. पेरूच्या कोशिंबिरीत मीठ, साखर आणि मिरची एकत्र नांदतात. मेथांब्यात गूळ आणि मीठ एकमेकांना सांभाळून घेतात. बोराला तिखट-मीठ लावल्याशिवाय शाळेबाहेरच्या गाडीवर ते विकलेच जात नाही. फळ आणि मांस एकत्र शिजविण्याचे उदाहरणही मुंबईच्या पारशी घरांत सापडते. त्यांच्या जर्दाळू घातलेल्या मटणाची कीर्ती सर्वदूर आहे. वेष्टनाचे म्हणाल, तर पळसाच्या पानांत पानगे भाजणाऱ्या आणि सांबाराचे सारण पारीत गुंडाळून पुडाची वडी तळणाऱ्या वैदर्भीय गृहिणीला त्यात शिकण्यासारखे फारसे काही नाही.

या जोडीमागे शास्त्र आहे. मीठ गोडी वाढवते, असे आपण अनुभवाने म्हणतो. ब्रेस्लिन आणि ब्यूशाम्प या अमेरिकी संशोधकांनी १९९७ साली ‘नेचर’ या नियतकालिकात दाखवून दिले, की मीठ प्रामुख्याने कडवटपणा दडपते आणि त्या कडवटपणाखाली दबलेली गोडी मोकळी होते. भाजताना मांसातील प्रथिने आणि शर्करा यांच्यात जी रासायनिक प्रक्रिया होते, तिच्यातून तपकिरी रंग आणि खमंग वास येतो. उरलेले काम वितळलेली चरबी करते. सुगंधी घटक तिच्यात विरघळतात आणि जिभेवर रेंगाळतात.

आता फळाकडे वळू. या पदार्थाचे यश फळातल्या पाण्यावर ठरते. मऊ खजुरात पाण्याचे प्रमाण साधारणतः वीस टक्क्यांच्या आसपास आणि शर्करा त्याच्या तिपटीहून अधिक असते. केळ्यात सुमारे पंचाहत्तर टक्के पाणी, तर संत्र्यात पंच्याऐंशी टक्क्यांहून जास्त. आच लागताच हे पाणी सुटते आणि बेकन भाजण्याऐवजी वाफेत उकडले जाते. परिणामी वेष्टन रबरासारखे चिवट आणि आतले फळ लगदा. म्हणूनच आपल्या भागाचे भूषण असलेला संत्रा इथे आत घालू नये. सीताफळाचा तर विचारच नको. अननस चालतो, परंतु त्याच्या फोडी फडक्यावर अर्धा तास निथळवून घ्याव्या लागतात. किंचित हिरवट देठाचे, घट्ट केळेही जमून जाते. तरी पहिल्या खेपेला खजूरच घ्यावा, असे आग्रहाने सांगावेसे वाटते.

खजुरातही निवड आहे. खारीक नको, ती भिजवली तरी चामट राहते. पावसाळ्याच्या सुमारास येणारी कच्छची पिवळी-लाल ताजी खारेकही नको. तिच्यात तुरटपणा असतो आणि पाणीही अधिक. ठोकळ्यासारखा दाबून भरलेला स्वस्त खजूर चटणीसाठी उत्तम, पण त्यातला एक दाणा अखंड सुटत नाही. सुटा, मांसल, हाताला मऊ लागणारा खजूर आणावा. महागडा आयात खजूर घेतलाच पाहिजे असे नाही.

साहित्य : मोठे मऊ खजूर बारा, बेकनचे लांब काप सहा, सालासकट बदाम बारा, एक हिरवी मिरची, एका संत्र्याची किसलेली साल, एक चमचा मध किंवा पातळ काकवी, ताजी भरडलेली मिरी आणि लाकडी टूथपिक. मीठ अजिबात नको.

कृती : टूथपिक अर्धा तास पाण्यात भिजत घालाव्यात, म्हणजे त्या जळत नाहीत. खजुराला एका बाजूने चीर देऊन बी काढावी. बी काढलेले म्हणून विकत आणलेल्या खजुरातही एखादी बी राहून जाते. तेव्हा प्रत्येक खजूर चाचपून पाहावा. पोकळीत एक बदाम, मिरचीचा बारीक तुकडा आणि चिमूटभर संत्र्याची साल भरून खजूर मिटवावा. साल किसताना केवळ नारिंगी थर घ्यावा, आतला पांढरा भाग कडू असतो. आत नाही, तरी असा संत्रा या पदार्थात येतो आणि बेकनचा तेलकटपणा कापतो. बेकनचा प्रत्येक काप आडवा कापून दोन करावेत. अर्धा काप खजुराभोवती एकदा पूर्ण फिरून टोके जराशी एकमेकांवर यावीत, इतकेच गुंडाळावे. दुहेरी वेढा दिल्यास आतला थर कच्चा राहतो. सांधा टूथपिकने टोचून घ्यावा.

ओव्हन असल्यास तो दोनशे अंश सेल्सिअसला तापवून, जाळीवर ठेवून अठरा ते वीस मिनिटे भाजावे आणि मध्ये एकदा उलटावे. ओव्हन नसला तरी अडत नाही. जाड बुडाचा तवा घ्यावा, तेल घालू नये. तवा थंड असतानाच सांध्याची बाजू खाली करून खजूर मांडावेत आणि मगच मंद आच लावावी. ही सूचना उलटी वाटेल. आपण तवा तापल्याखेरीज काही टाकत नाही. परंतु तापलेल्या तव्यावर बेकनचे मांस आक्रसून करपते आणि चरबी तशीच पांढरी राहते. मंद आचेवर ती हळूहळू पाझरते आणि बेकन स्वतःच्याच चरबीत तळले जाते. बारा ते पंधरा मिनिटे चारही बाजूंनी फिरवत राहावे. झाकण ठेवू नये, वाफ कोंडते. सुटलेली चरबी वाटीत काढून घ्यावी; तिच्यात परतलेले बटाटे चवदार लागतात. मध अगदी शेवटच्या दोन मिनिटांत लावावा, आधी लावल्यास जळून कडू होतो. मिरी वरून भुरभुरावी. पाच मिनिटे थांबल्याशिवाय कोणाला देऊ नये, कारण आतली वितळलेली शर्करा उकळत्या पाकासारखी जीभ भाजते.

जिल्ह्याच्या ठिकाणी बेकन प्रत्येक वेळी मिळेलच असे नाही. बहुधा ते नागपूरहून आणावे लागते. रस्त्याने हे अंतर सुमारे दीडशे किलोमीटरचे आहे आणि वैदर्भीय उन्हाळ्यात गोठवलेले पाकीट पिशवीत टाकून एस.टी.ने आणणे धोक्याचे आहे. बर्फाच्या डब्याची सोय करावी. गोठवलेले पाकीट ओट्यावर नव्हे, फ्रिजमध्ये रात्रभर ठेवून वितळवावे. उघडल्यावर ते आठवड्याच्या आत संपवावे. खारवलेले म्हणून ते टिकाऊ, हा समज चुकीचा आहे.

डुकराच्या मांसाने मेंदूत जंत होतात, ही भीती अनेकांच्या मनात असते. तिच्यात अर्धे तथ्य आहे. अळ्या असलेले कच्चे वा अर्धकच्चे मांस खाल्ल्याने आतड्यात फीतकृमी होतो. मेंदूतल्या गाठी मात्र त्या कृमीची अंडी पोटात गेल्याने होतात आणि ती कृमी झालेल्या माणसाच्या विष्ठेतून, दूषित पाणी, न धुतलेल्या भाज्या किंवा अस्वच्छ हातांवाटे पोहोचतात. म्हणजे मांसाला कधीही न शिवणाऱ्यालाही हा आजार होऊ शकतो. मांस पुरते शिजवावे आणि हात-भाज्या धुवाव्यात, या दोन्ही गोष्टी तितक्याच आवश्यक आहेत. ‘गावाकडून’ येणाऱ्या रानडुकराच्या मांसाचा प्रयोग तर कोणी करू नये. आपल्या जिल्ह्यातला शेतकरी रानडुकरांमुळे हैराण आहे हे खरे. परंतु वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ नुसार त्या प्राण्याची विनापरवाना शिकार हा गुन्हा आहे.

प्रकृतीचाही हिशेब हवा. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने ऑक्टोबर २०१५ मध्ये प्रक्रिया केलेल्या मांसाचा समावेश कर्करोगकारक घटकांत केला. रोज पन्नास ग्रॅम असे मांस खाल्ल्यास मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचा धोका सुमारे अठरा टक्क्यांनी वाढतो, असा तिचा निष्कर्ष होता. सणासमारंभाला दोन खजूर खाणाऱ्याने त्यामुळे धास्तावू नये, पण रोजच्या न्याहारीला ते योग्य नव्हे. रक्तदाब आणि मधुमेह असणाऱ्यांनी तर यातले मीठ व साखर दोन्ही लक्षात घ्यावीत.

आपल्या बैठकीत शाकाहारी असतात, मुस्लिम स्नेही असतात, मांसाहारी असूनही डुकराचे मांस वर्ज्य मानणारे काका-मामाही असतात. भाजलेला हा पदार्थ दिसायला निरुपद्रवी आणि ओळखू न येणारा. पाहुण्याने घास तोंडात घातल्यावर त्यात काय आहे हे सांगणे म्हणजे त्याचा अपमानच. ताट फिरवण्यापूर्वीच स्पष्ट सांगावे. पर्याय म्हणून चिकनचे बेकन बाजारात मिळते. त्यात चरबी कमी असल्याने तव्यावर चमचाभर तेल घालावे लागते आणि चव उणी पडते, हे मान्य केले पाहिजे. पाकिटावरील घटकांची यादी मात्र वाचून घ्यावी. शाकाहारी मंडळींसाठी त्याच सारणाचे खजूर तुपावर परतून वर मीठ आणि मिरी घालावी. ते आधी करून घ्यावेत, वेगळ्या तव्यावर आणि वेगळ्या चिमट्याने, आणि ताटही निराळे ठेवावे.