सिल्वी : साठ वर्षे दुय्यम, एकदाच नायिका

अमेरिकेतील 'नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्स' या समीक्षकांच्या संस्थेने १९६६ या वर्षासाठी आपले पहिलेवहिले पुरस्कार जाहीर केले, तेव्हा सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून निवड झाली ती ऐंशी ओलांडलेल्या एका फ्रेंच वृद्धेची. तिचे नाव फक्त सिल्वी. ना आडनाव, ना बिरुद. फ्रेंच प्रेक्षकांना हा चेहरा कित्येक वर्षे ओळखीचा होता. पण कुणाची तरी आई, आजी, सासू म्हणून.

लुईझ पोलिन मँगने हे तिचे मूळ नाव. जन्म १८८३ चा, पॅरिसमधला. म्हणजे सिनेमाचा जन्म झाला त्या वेळी ती बारा वर्षांची होती! रंगभूमीवर तिने नाव कमावले आणि मूकपटांतही कामे केली. परंतु पडद्यावर तिचा खरा जम बसला तो बोलपट आल्यावर, वयाची पन्नाशी उलटल्यानंतर. त्या वयात नायिकेच्या भूमिका मिळणे शक्यच नव्हते. दिग्दर्शक मात्र अव्वल मिळाले.

आँरी-जॉर्ज क्लूझो यांच्या 'ल कोर्बो' (१९४३) या चित्रपटात निनावी पत्रांनी एक गाव पोखरून निघते. अशाच एका पत्रामुळे आपला आजार असाध्य असल्याचे कळलेला रुग्ण वस्तऱ्याने जीव देतो. त्याची आई सिल्वीने साकारली. शेवटी काळ्या वेषातील ही आई रस्त्याने शांतपणे दूर निघून जाते. संवाद नाही, आकांत नाही. चित्रपट संपल्यावर लक्षात राहते ती तिची पाठमोरी आकृती. त्याच वर्षी रॉबेर ब्रेसाँ यांच्या 'लेझ आँज द्यु पेशे'मध्ये ती मठाची प्रमुख झाली. मार्सेल कार्ने यांच्या 'तेरेझ राकाँ'मध्ये (१९५३) तर तिने याहून अवघड काम केले. एमिल झोलाच्या कादंबरीवरील या चित्रपटात मुलाच्या मृत्यूच्या धक्क्याने सासूची वाचा जाते, शरीर लुळे पडते. उरतात फक्त डोळे. सिमोन सिन्योरेसारखी समर्थ नायिका समोर असताना खुर्चीत खिळलेली ही म्हातारी नुसत्या नजरेने आरोप करीत राहते.

अशा कामांचे कौतुक होते, पण जाहिरातफलकावर नाव ठळक होत नाही. सिल्वीच्या बाबतीत ते झाले १९६५ मध्ये. नेपथ्यकार म्हणून परिचित असलेल्या रने आलियो यांनी आपल्या पहिल्याच पूर्ण लांबीच्या चित्रपटात तिला मध्यवर्ती भूमिका दिली. कथा होती बर्टोल्ट ब्रेख्तची. 'तीन पैशाचा तमाशा'मुळे मराठी रसिकांना ब्रेख्त परका नाही. त्याच्या कथा मात्र आपल्याकडे तुलनेने कमी वाचल्या जातात. या कथेतील आजी नवऱ्याच्या मृत्यूनंतर अचानक स्वतःसाठी जगू लागते. आलियो यांनी ती जर्मनीतून आपल्या जन्मगावी, मार्सेय बंदरात आणली. आयुष्यभर स्वयंपाकघरात राबलेल्या या बाईंना मुलांच्या घरी जायचे नाही. त्या दुकाने न्याहाळत फिरतात, मद्यालयात काम करणाऱ्या एका तरुणीशी मैत्री जोडतात, चक्क छोटी सित्रोएन मोटार विकत घेतात. मुले हादरतात. 'लाजलज्जा सोडलेली म्हातारी' अशा अर्थाचे चित्रपटाचे शीर्षक आहे, ते अर्थातच त्यांच्या नजरेतून.

सिल्वी ही भूमिका करताना बंडाचा आव आणत नाही. दुकानाच्या काचेपलीकडील वस्तूंकडे ती लहान मुलाच्या कुतूहलाने पाहते, बस्स. मला वाटते, साठ वर्षे चौकटीच्या कडेला उभे राहून इतरांना निरखण्याची सवयच इथे कामी आली. दुसऱ्या एखाद्या नामवंत नटीने ही आजी नक्कीच गोड करून टाकली असती.

या यशानंतर तिच्या वाट्याला फार काळ उरला नव्हता. जानेवारी १९७० मध्ये वयाच्या ८७ व्या वर्षी तिचे निधन झाले.