ग. दि. माडगूळकर : पटकथाकार आणि नट

‘गीतरामायणा’चे कवी म्हणून घरोघरी पोहोचलेले गजानन दिगंबर माडगूळकर (१९१९–१९७७) चित्रपटात आले ते नट म्हणून. आटपाडी तालुक्यातले शेटफळे हे त्यांचे जन्मगाव. मॅट्रिकला यश आले नाही, तेव्हा पोटापाण्यासाठी त्यांनी कोल्हापूर गाठले. हंस पिक्चर्सच्या, मास्टर विनायक यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘ब्रह्मचारी’त (१९३८) त्यांना किरकोळ भूमिका मिळाली. पुढे वि. स. खांडेकरांचे लेखनिक म्हणून त्यांनी काम केले आणि ‘पहिला पाळणा’पासून (१९४२) गीतलेखन सुरू झाले.

पटकथाकार म्हणून त्यांचे नाव झाले ते राजकमल कलामंदिरच्या ‘लोकशाहीर रामजोशी’मुळे (१९४७). बाबूराव पेंटर आणि व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या या पेशवाईकालीन चित्रपटात लढाई तलवारीची नसून शब्दांची आहे. सोलापूरचा ब्राह्मण तरुण राम जोशी तमाशाच्या फडात शिरतो, जातभाईंचा रोष ओढवून घेतो आणि सवाल-जबाबात समोरच्याला निरुत्तर करतो. अशा प्रसंगात संवाद आणि कवन वेगळे काढता येत नाहीत. पटकथा व गीते एकाच हातची असल्याचा फायदा इथे दिसतो. राम जोशींच्या मूळ लावण्यांशेजारी माडगूळकरांची रचना परकी वाटत नाही. जयराम शिलेदार आणि हंसा वाडकर यांच्या प्रमुख भूमिका असलेल्या या चित्रपटात माडगूळकरांनी कामही केले. पुढे मराठीत तमाशापटांची लाटच आली.

यानंतर राजा परांजपे यांचे दिग्दर्शन, सुधीर फडके यांचे संगीत आणि माडगूळकरांचे लेखन असे त्रिकूट जमले. ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’ (दोन्ही १९५२) आणि ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) ही त्याची फळे. अधूनमधून छोट्या भूमिकाही चालू राहिल्या.

हिंदीत शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ची (१९५७) कथा-पटकथा त्यांचीच. औंध संस्थानाने आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांची खुली वसाहत वसवली होती. आपल्याच मुलखातल्या या प्रयोगावर त्यांनी सहा खुनी कैदी आणि एका जेलरची गोष्ट रचली. बर्लिन महोत्सवात या चित्रपटाला रौप्य अस्वल मिळाले. ‘नवरंग’ही (१९५९) त्यांनीच लिहिला, ‘लोकशाहीर रामजोशी’प्रमाणे त्याचाही नायक कवीच आहे.

माडगूळकरांना १९६९ मध्ये पद्मश्री मिळाली. १९७३ च्या यवतमाळ साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. १४ डिसेंबर १९७७ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.