नाशिकचा मान आणि पिळाची पट्टी

डिसेंबर २०२१ मध्ये नाशिक येथे भरलेल्या ९४ व्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षस्थान डॉ. जयंत नारळीकर यांस मिळाले. प्रकृतीमुळे ते स्वतः मात्र उपस्थित राहू शकले नाहीत. दिक्काल व त्याची वक्रता जेथे अभ्यासली जाते, त्या पुण्याच्या 'आयुका' या आंतरविद्यापीठीय केंद्राचे हे संस्थापक (१९८८). विज्ञानकथेस पोरखेळ समजणाऱ्यांनी त्यांची 'उजव्या सोंडेचा गणपती' अवश्य वाचावी. तिच्यातील भूमिती घरीही पाहता येते. कागदाच्या लांब पट्टीस अर्धा पीळ देऊन टोके चिकटवावीत. तिला एकच बाजू उरते! त्या पृष्ठातच वसणारी चपटी आकृती एक फेरी करून परतली, की तिचे डावे ते उजवे झालेले असते. आपल्या अवकाशासच असा पीळ असता, तर परतलेल्या प्रवाशाचे हृदय उजवीकडे सापडते.