अहवालात आपली विहीर शोधा

काही वर्षांपूर्वी आमच्या भागातल्या एका खाणीची जनसुनावणी होती. शेजारच्या गावचे एक शेतकरी अहवालाची प्रत घेऊन माझ्याकडे आले. मी शाळेत विज्ञान शिकवायचो, म्हणून त्यांना वाटले गुरुजींना हे कळेल. म्हणाले, "गुरुजी, यात माही विहीर कुठी हाय?" जाडजूड इंग्रजी अहवाल मी दोन रात्री वाचला. नकाशा होता, तक्ते होते. विहीर मात्र नव्हती.

आपल्या बुलढाणा जिल्ह्यात अणुभट्टी नाही, समुद्रही नाही. तरीही जैतापूरची गोष्ट आपण समजून घेतली पाहिजे, कारण 2006 च्या ज्या अधिसूचनेने खाणी आणि धरणे तपासली जातात, तिनेच अणुवीज प्रकल्पही तपासले जातात.

तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्या 1969 साली सुरू झाल्या, तेव्हा जनसुनावणी नावाचा प्रकारच नव्हता. ती सक्तीची झाली 1997 मध्ये. रत्नागिरी जिल्ह्यात राजापूर तालुक्यातल्या माडबन परिसरात प्रत्येकी 1650 मेगावॅटच्या सहा भट्ट्या, म्हणजे एकूण 9900 मेगावॅटचा प्रकल्प ठरला. त्याचा पर्यावरणीय परिणामांचा अहवाल तयार केला आपल्या नागपूरच्या 'नीरी' या संस्थेने. मे 2010 मध्ये माडबनला जनसुनावणी झाली. मच्छीमारांचा प्रश्न होता, भट्टीतून समुद्रात सोडलेल्या गरम पाण्याने मासळीचे काय होणार? बागायतदारांना हापूसची काळजी होती, तर अनेकांना भूकंपाची. नोव्हेंबर 2010 मध्ये केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने 35 अटी घालून मंजुरी दिली. पुढे मार्च 2011 मध्ये जपानात फुकुशिमाची दुर्घटना घडली आणि विरोध आणखी तीव्र झाला. भट्ट्यांचे बांधकाम अद्याप सुरू झालेले नाही.

इथे एक गल्लत नेहमी होते. पर्यावरण मंजुरी म्हणजे भट्टी चालवण्याचा परवाना नव्हे. पाणी, हवा, मासळी, जमीन यांचा विचार पर्यावरण मंत्रालय करते. भट्टी सुरक्षित आहे का, हे अणुऊर्जा नियामक मंडळ पाहते. 1983 साली स्थापन झालेले हे मंडळ एकदाच शिक्का मारून मोकळे होत नाही. आधी जागेला संमती, मग बांधकामाला, मग इंधन भरून भट्टी प्रथम सुरू करण्याला, मग नियमित चालवण्याला आणि शेवटी भट्टी मोडीत काढण्यालाही. चालू भट्टीच्या सुरक्षेचा दर दहा वर्षांनी सर्वंकष आढावा घेतला जातो. घराला पाया, जोते, छत अशी टप्प्याटप्प्याने तपासणी व्हावी, तसेच हे.

या साऱ्या साखळीत सामान्य माणसाला समोरासमोर बोलण्याची जागा म्हणजे जनसुनावणी. तिची सूचना किमान 30 दिवस आधी वृत्तपत्रात द्यावी लागते. अहवालाचा सारांश स्थानिक भाषेत मिळाला पाहिजे. सुनावणीला जिल्हाधिकारी किंवा त्यांचे प्रतिनिधी असतात. तिथे मतदान होत नाही, त्यामुळे हात किती वर झाले याला अर्थ नाही. नोंद काय झाली, याला आहे. शेवटी कामकाजाचा गोषवारा लोकांना त्यांच्या भाषेत वाचून दाखवणे बंधनकारक आहे. आपण मात्र घोषणा देतो, नाहीतर चिडून उठून जातो, आणि तो गोषवारा ऐकायला मांडवात कोणी उरत नाही.

ते शेतकरी उठून गेले नाहीत. त्यांनी एवढेच विचारले, "साहेब, माही विहीर नकाशात नाही. ती आटली त कोणाले इचारू?" गोषवारा वाचताना त्यात विहीर आली नाही, तेव्हा ते पुन्हा उभे राहिले. मग ती लिहून घेतली गेली.

खाण असो की अणुभट्टी, मोठ्या शब्दांना बिचकू नका. अहवाल हातात घ्या आणि आधी आपली विहीर शोधा. सापडली नाही, तर तोच तुमचा पहिला प्रश्न.