छत्तीस वर्षे एकाच परगण्याचे नाटक

बर्मिंगहॅमहून मँचेस्टरकडे जाताना एम-६ महामार्गावर स्टोक-ऑन-ट्रेंटची पाटी लागते. आपल्यापैकी अनेकांनी ती पाहिली असेल. तेथे उतरलेले थोडेच. चिनी मातीची भांडी, कोळसा आणि पोलाद यांवर जगलेले हे शहर १९१० साली सहा गावे एकत्र करून घडवले गेले. लंडनच्या रंगभूमीला त्याची दखल घ्यावीशी वाटण्याचे काही कारण नव्हते. त्याच परगण्यात पीटर चीझमन यांनी १९६२ ते १९९८ अशी छत्तीस वर्षे नाट्यगृह चालवले.

ब्रिटनमध्ये प्रादेशिक नाट्यगृहाचे प्रमुखपद ही बहुधा पायरी मानली जाते. तीन-चार वर्षे नाव कमवावे आणि राजधानी गाठावी, असा प्रघात. चीझमन यांनी ती पायरी चढण्याचे नाकारले, आणि त्यांच्या कारकीर्दीचे सारे वेगळेपण या नकारातून आले, असे मला वाटते.

आरंभ साधा होता. चौफेर प्रेक्षक आणि मध्ये नट अशा रंगमंचाचा ध्यास घेतलेले स्टीफन जोसेफ यांची फिरती नाटकमंडळी कायमचे घर शोधत होती. हार्ट्सहिल भागातील एका जुन्या सिनेमागृहात ऑक्टोबर १९६२ मध्ये व्हिक्टोरिया थिएटर सुरू झाले. पुढे जगभर गाजलेले नाटककार ॲलन एकबर्न प्रारंभीच्या मंडळींत होते. रॉबर्ट पॉवेल आणि बॉब हॉस्किन्स यांच्यासारखे नटही उमेदवारीच्या काळात तेथे वावरले. नटांचा कायमचा संच आणि मुक्कामी नाटककार ही त्या घराची रीत होती.

परंतु चीझमन यांचे खरे कार्य म्हणजे त्यांची दस्तऐवजी नाटके. ‘द जॉली पॉटर्स’ (१९६४) हे कुंभारकामगारांवरचे नाटक त्यांतले पहिले. ‘द नॉटी’ (१९६६) हे नॉर्थ स्टॅफर्डशायर रेल्वेची कथा सांगते. लिहिण्याची पद्धत अशी: नट आणि दिग्दर्शक ध्वनिमुद्रणयंत्र घेऊन निवृत्त रेल्वे कामगारांच्या घरी जात, जुनी वृत्तपत्रे, पत्रे, नोंदी चाळत. नियम मात्र कडक होता. रंगमंचावर बोलला जाणारा शब्द कोणीतरी प्रत्यक्ष उच्चारलेला वा लिहिलेला असला पाहिजे. एखाद्या प्रसंगासाठी शब्दच सापडले नाहीत, तर संवाद रचायचा नाही. संगीत, गाणे किंवा मूक हालचालीने वेळ निभवायची.

हा नियम नाटककाराचे हात बांधतो. कामगाराने मुद्रणयंत्रासमोर जे सांगितले नाही, ते रंगमंचावर येऊ शकत नाही. आणि माणसे पाहुण्यासमोर सगळेच सांगत नाहीत. तरीही त्यामागचा आदर मोलाचा आहे. श्रमिकांची बोली सुधारून, सुसंस्कृत करून दाखवण्याचा मोह सुशिक्षित लेखकाला फार लवकर होतो. चीझमन यांनी तो दरवाजाच बंद करून टाकला.

१९६७ मध्ये जोसेफ यांच्याशी नाट्यगृहाच्या कारभारावरून वाद विकोपाला गेला आणि चीझमन यांना पदावरून दूर करण्यात आले. तेव्हा गाव त्यांच्या पाठीशी उभे राहिले. मोहीम झाली, आणि ते परत आले. पाच वर्षांत एका दिग्दर्शकाने एवढी मुळे धरावीत, ही लहान गोष्ट नव्हे.

१९७४ चे ‘फाइट फॉर शेल्टन बार’ हे या पद्धतीचे सर्वांत धारदार रूप. शेल्टन बारच्या कारखान्यातील पोलादनिर्मिती थांबवण्याचा बेत जाहीर झाला होता आणि कामगारांची कृतिसमिती लढत होती. लढा चालू असतानाच नाटक उभे राहिले. प्रयोगाच्या वेळी समितीच्या वतीने लढ्याची ताजी बातमी प्रेक्षकांना दिली जाई. त्यामुळे नाटक रोज थोडे बदलत असे. पोलाद मात्र वाचले नाही. १९७८ मध्ये तेथील पोलादनिर्मिती बंद झाली. नाटकाने कारखाना वाचवावा, अशी अपेक्षा धरणे अन्यायाचे आहे. पण ज्यांची नोकरी जाणार होती, त्यांनी आपलेच शब्द नटाच्या तोंडून ऐकले, आणि तेही निकाल लागण्यापूर्वी.

जुन्या सिनेमागृहाची जागा अपुरी पडत होती. निधीसाठी दीर्घ खटपट झाल्यावर १९८६ मध्ये शेजारच्या न्यूकॅसल-अंडर-लाइममध्ये न्यू व्हिक्टोरिया थिएटर उभे राहिले. चौफेर प्रेक्षकांसाठीच मुद्दाम बांधलेली ती युरोपातील पहिली वास्तू मानली जाते. वास्तू नवी असली, तरी विषय जुनेच राहिले. १९९३ मध्ये कोळसा खाणी बंद होण्याविरुद्ध तीन स्त्रियांनी ट्रेंथम येथील खाण ताब्यात घेतली होती; ‘नाइस गर्ल्स’ हे नाटक त्यांच्यावर बेतले.

चीझमन १९९८ मध्ये निवृत्त झाले आणि २०१० मध्ये वारले. व्हिक्टोरिया थिएटरचा संग्रह आता स्टॅफर्डशायर विद्यापीठाकडे आहे. न्यूकॅसलच्या त्या नाट्यगृहात प्रेक्षक आजही चारही बाजूंना बसतात आणि नाटक पाहताना समोरच्या रांगेतील शेजाऱ्याचा चेहराही पाहतात.