निर्बीजीकरण, बौद्धिक अक्षम व्यक्तींचे

बौद्धिक विकास अपुरा राहिलेल्या स्त्रीपुरुषांची प्रजननक्षमता शस्त्रक्रियेने कायमची नाहीशी करणे. पुरुषांच्या बाबतीत रेतोवाहिन्या आणि स्त्रियांच्या बाबतीत अंडवाहिन्या कापून बांधणे ही यासाठी वापरली जाणारी नेहमीची पद्धत होय. काही वेळा स्त्रीचे गर्भाशयच काढून टाकले जाते (गर्भाशयोच्छेदन). कुटुंबनियोजनासाठी प्रौढ व्यक्ती स्वेच्छेने करून घेते ती शस्त्रक्रिया आणि ही शस्त्रक्रिया यांत तांत्रिक दृष्ट्या फरक नाही. फरक आहे तो निर्णय कोणी घेतला याचा. प्रस्तुत प्रकारात हा निर्णय बहुधा शासन, संस्थाचालक, वैद्य किंवा आईवडील घेतात, आणि जिच्या शरीरावर शस्त्रक्रिया होते त्या व्यक्तीची संमती अनावश्यक किंवा अशक्य मानली जाते. या विषयाच्या इतिहासाचे व नीतिविचाराचे मूळ येथेच आहे. पूर्वी ‘मनोदुर्बल’ वा ‘मतिमंद’ या संज्ञा रूढ होत्या. आता ‘बौद्धिक अक्षमता’ ही संज्ञा वापरतात. पुढील विवेचनात त्या त्या काळच्या कायद्यांचा आशय सांगतानाच जुन्या संज्ञा योजल्या आहेत.

सुप्रजाजननाचा विचार व पहिले कायदे : मानवी वंश निवडीने सुधारता येईल, ही कल्पना ब्रिटिश शास्त्रज्ञ सर फ्रान्सिस गॉल्टन यांनी मांडली व १८८३ मध्ये तिला सुप्रजाजननशास्त्र या अर्थाचे इंग्रजी नाव दिले. विसाव्या शतकाच्या आरंभी मेंडेल यांचे आनुवंशिकतेचे नियम पुन्हा प्रकाशात आले आणि बुद्धिमापनाच्या कसोट्याही तयार झाल्या. दारिद्र्य, गुन्हेगारी, वेश्याव्यवसाय व मनोदौर्बल्य या सर्वांचे कारण सदोष आनुवंशिकता हेच आहे, असा समज सुशिक्षित वर्गात पसरला. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ हेन्री गॉडर्ड यांनी १९१२ मध्ये एका कुटुंबाच्या अनेक पिढ्यांचा वृत्तांत प्रसिद्ध करून मनोदौर्बल्य वारशाने उतरते असे प्रतिपादन केले. पूर्वजांच्या बुद्धीविषयीचे त्यातील निष्कर्ष बव्हंशी ऐकीव माहितीवर आधारलेले होते. तथापि त्याचा प्रभाव मोठा होता.

सक्तीच्या निर्बीजीकरणाचा जगातील पहिला कायदा अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांपैकी (अ. सं. सं.) इंडियाना राज्याने १९०७ मध्ये केला. सराईत गुन्हेगार, बलात्कारी आणि शासकीय संस्थांतील मनोदुर्बल व्यक्ती यांना तो लागू होता. पुढे तीसहून अधिक राज्यांनी असे कायदे केले. त्यांखाली एकूण ६० हजारांहून अधिक व्यक्तींवर शस्त्रक्रिया झाल्या, त्यांतील सु. २० हजार एकट्या कॅलिफोर्नियात झाल्या.

बक खटला : व्हर्जिनिया राज्याने १९२४ मध्ये केलेल्या कायद्याची घटनात्मकता पडताळण्यासाठी कॅरी बक या तरुणीचे प्रकरण निवडण्यात आले. ती लहानपणापासून दुसऱ्या कुटुंबात वाढत होती. त्या कुटुंबाच्या एका नातेवाइकाने केलेल्या बलात्कारातून तिला दिवस गेले आणि त्यानंतर तिला मनोदुर्बल ठरवून लिंचबर्गजवळच्या शासकीय वसाहतीत ठेवण्यात आले. तिची आई आधीपासूनच तेथे होती. आई, मुलगी आणि नुकतीच जन्मलेली नात अशा तिन्ही पिढ्या मनोदुर्बल आहेत, असे न्यायालयापुढे मांडण्यात आले. नातीविषयीचा पुरावा म्हणजे आठ महिन्यांचीही न झालेल्या त्या अर्भकाकडे पाहून एका समाजसेविकेने व्यक्त केलेले मत होते. सुप्रजाजननवादी तज्ञ हॅरी लॉफलिन यांनी कॅरीला एकदाही न पाहता तिच्याविषयी साक्ष लिहून पाठविली. तिच्या बाजूने नेमलेला वकील हा त्याच वसाहतीच्या नियामक मंडळाचा माजी सदस्य होता. त्याने तिच्या वतीने एकही साक्षीदार उभा केला नाही.

अ. सं. सं.च्या सर्वोच्च न्यायालयाने २ मे १९२७ रोजी आठ विरुद्ध एक अशा मताधिक्याने हा कायदा वैध ठरविला. निकालपत्र न्यायमूर्ती ऑलिव्हर वेंडेल होम्स यांनी लिहिले. देवी टोचून घेण्याची सक्ती करण्याचा अधिकार राज्याला ज्या तत्त्वाने मिळतो, त्याच तत्त्वाने हाही अधिकार मिळतो, अशी त्यांची उपपत्ती होती. न्यायमूर्ती पिअर्स बटलर यांनी असहमती नोंदविली. मात्र कारणे दिली नाहीत. त्याच वर्षी ऑक्टोबरात कॅरीवर शस्त्रक्रिया झाली. तिच्या धाकट्या बहिणीवरही आंत्रपुच्छाची शस्त्रक्रिया असल्याचे सांगून हीच शस्त्रक्रिया करण्यात आली. मूल का होत नाही याचे कारण तिला अनेक दशकांनी कळले. कॅरीची मुलगी १९३२ मध्ये आठव्या वर्षी आजाराने मरण पावली. तत्पूर्वी शाळेच्या गुणवंत विद्यार्थ्यांच्या यादीत तिचे नाव आले होते. कॅरी स्वतः १९८३ पर्यंत जगली. तिची बुद्धी सर्वसाधारण होती, असे तिला उत्तरायुष्यात भेटलेल्या अभ्यासकांचे मत झाले. म्हणजे ज्या वस्तुस्थितीवर निकाल आधारला होता, तीच खोटी होती. सराईत गुन्हेगारांच्या निर्बीजीकरणाचा ओक्लाहोमा राज्याचा कायदा याच न्यायालयाने १९४२ मध्ये रद्द केला. परंतु बक खटल्याचा निर्णय त्याने स्पष्ट शब्दांत कधीही फिरविलेला नाही. व्हर्जिनियाच्या राज्यपालांनी २००२ मध्ये या धोरणाबद्दल खेद व्यक्त केला, तर नॉर्थ कॅरोलायना (२०१३), व्हर्जिनिया (२०१५) व कॅलिफोर्निया (२०२१) या राज्यांनी हयात पीडितांसाठी भरपाईची तरतूद केली.

इतर देश : जर्मनीत नाझी राजवटीने जुलै १९३३ मध्ये केलेला कायदा १ जानेवारी १९३४ पासून अंमलात आला. तो तयार करताना लॉफलिन यांच्या नमुना कायद्याचा आधार घेण्यात आला होता. त्यासाठी खास आनुवंशिक आरोग्य न्यायालये स्थापण्यात आली व सु. चार लाख लोकांवर शस्त्रक्रिया झाल्या. त्यांत ‘जन्मजात मनोदौर्बल्य’ हे कारण सर्वाधिक वेळा देण्यात आले. १९३९ पासून याच वर्गातील लोकांच्या प्रत्यक्ष हत्येची मोहीम सुरू झाली.

हा प्रकार हुकूमशाहीपुरता मर्यादित होता, असे मात्र नाही. डेन्मार्क (१९२९), नॉर्वे व स्वीडन (१९३४) आणि फिनलंड (१९३५) या देशांनी असे कायदे केले. स्वीडनमध्ये १९७५ पर्यंत सु. ६३ हजार शस्त्रक्रिया झाल्या. त्यांतील अनेक कागदोपत्री स्वेच्छेच्या होत्या. तथापि संस्थेतून सुटका, विवाहाची परवानगी किंवा गर्भपात यांसाठी निर्बीजीकरणाची अट घालण्यात येत असल्याने ती स्वेच्छा नाममात्र होती. १९९९ मध्ये तेथे भरपाईचा कायदा झाला. कॅनडातील अल्बर्टा प्रांतात १९२८ ते १९७२ या काळात सु. २,८०० लोकांचे निर्बीजीकरण झाले. जपानमध्ये १९४८ ते १९९६ पर्यंत अंमलात असलेल्या कायद्याखाली सु. २५ हजार शस्त्रक्रिया झाल्या. त्यांपैकी सु. १६,५०० शस्त्रक्रिया संमतीवाचून केलेल्या होत्या. हा कायदा घटनाबाह्य होता, असा निर्णय जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने ३ जुलै २०२४ रोजी दिला. ब्रिटनमध्ये एका शासकीय समितीने १९३४ मध्ये ऐच्छिक निर्बीजीकरणाची शिफारस केली होती. पण कायदा झाला नाही. रोमन कॅथलिक पंथाचा विरोध हे त्याचे एक कारण होते. पोप अकरावे पायस यांनी १९३० मध्येच अशा शस्त्रक्रियांचा निषेध केला होता.

शास्त्रीय परीक्षण : या कायद्यांमागील आनुवंशिकीचे गृहीतक चुकीचे होते. बौद्धिक अक्षमता हा एक रोग नसून अनेक कारणांचा परिणाम आहे. प्रसूतीच्या वेळी मेंदूला प्राणवायू कमी पडणे, गर्भावस्थेत किंवा बालपणी झालेली संक्रामणे, गर्भावस्थेतील आयोडिनची तीव्र न्यूनता ही कारणे आनुवंशिक नाहीत. डाउन लक्षणसमूहात एकविसाव्या क्रमांकाचे एक गुणसूत्र जादा असते, हे १९५९ मध्ये आढळून आले. अशा मुलांचे आईवडील बहुधा सर्वसाधारण बुद्धीचे व सर्वसाधारण गुणसूत्रांचेच असतात.

जेथे दोष खरोखर आनुवंशिक व अप्रभावी असतो, तेथेही निर्बीजीकरणाने उद्दिष्ट साधत नाही. असा दोष १० हजारांत एकाला होतो असे मानले, तर गणिताने सु. ५० माणसांत एक जण त्या जनुकाचा वाहक असतो. वाहक स्वतः निरोगी असतो. सदोष जनुकांपैकी ९९ टक्के जनुके अशा निरोगी वाहकांमध्ये असल्यामुळे रोगग्रस्तांचे कितीही कडक निर्बीजीकरण केले, तरी हे प्रमाण २० हजारांत एकावर येण्यास ४१ पिढ्या, म्हणजे सु. एक हजार वर्षे लागतील. याउलट फिनिलकीटोनमेह या आनुवंशिक विकारात जन्मानंतर लगेच रक्ततपासणी करून विशिष्ट आहार सुरू केल्यास मेंदूची हानी टळते. दोष आनुवंशिक असला, तरी त्यावरचा उपाय निर्बीजीकरण हाच असतो, असे नाही.

संरक्षणाचा युक्तिवाद व न्यायालये : वंशशुद्धीची भाषा मागे पडल्यावरही शस्त्रक्रिया थांबल्या नाहीत, त्यांचे समर्थन मात्र बदलले. आता ती त्या व्यक्तीच्याच हितासाठी आहे, असे सांगण्यात येऊ लागले. याविषयी न्यायालयांची मते भिन्न आहेत. कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये एका तरुणीच्या आईचा अर्ज फेटाळताना, रोगोपचार हा हेतू नसेल, तर अशा शस्त्रक्रियेस न्यायालयही अनुमती देऊ शकत नाही, असे ठरविले. पुढच्याच वर्षी इंग्लंडमध्ये हाउस ऑफ लॉर्ड्‌सने हा भेद अमान्य करून एका सतरा वर्षांच्या मुलीच्या बाबतीत अनुमती दिली. ऑस्ट्रेलियाच्या उच्च न्यायालयाने १९९२ मध्ये मधला मार्ग स्वीकारला : आईवडिलांची संमती पुरेशी नाही, न्यायालयाची अनुमती आवश्यक आहे.

भारतातील स्थिती : भारतात बौद्धिक अक्षम व्यक्तींसाठी सक्तीच्या निर्बीजीकरणाचा वेगळा कायदा कधीच नव्हता, अशा शस्त्रक्रिया कुटुंब किंवा संस्था यांच्या निर्णयाने होत आल्या. फेब्रुवारी १९९४ मध्ये शिरूर (जि. पुणे) येथील शासकीय वसतिगृहातील काही मतिमंद स्त्रियांवर पुण्याच्या ससून रुग्णालयात गर्भाशयोच्छेदनाच्या शस्त्रक्रिया करण्यात आल्या. या स्त्रियांना मासिक पाळीतील स्वच्छता राखता येत नाही, हे कारण देण्यात आले होते. स्त्रीसंघटना व आरोग्य कार्यकर्ते यांनी तीव्र विरोध केल्यावर उरलेल्या शस्त्रक्रिया थांबविण्यात आल्या. निरोगी अवयव काढण्याऐवजी वसतिगृहात पुरेसे पाणी, कपडे, प्रशिक्षण व सेविका का पुरविल्या नाहीत, हा त्या वेळी विचारला गेलेला प्रश्न या विषयाच्या मुळाशी जाणारा आहे.

सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये चंडीगढ येथील एका प्रकरणात प्रजननविषयक निर्णयस्वातंत्र्य हा संविधानाच्या अनुच्छेद २१ मधील व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग असल्याचे सांगितले आणि सौम्य बौद्धिक अक्षमता असलेल्या प्रौढ स्त्रीचा गर्भपात तिच्या संमतीवाचून करता येणार नाही, असा निर्णय दिला. संयुक्त राष्ट्रांच्या २००६ च्या दिव्यांगविषयक करारानुसार दिव्यांग व्यक्तींना इतरांच्या बरोबरीने आपली प्रजननक्षमता कायम राखण्याचा हक्क आहे. भारताने हा करार २००७ मध्ये स्वीकारला. त्यास अनुसरून केलेल्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ याच्या कलम १० प्रमाणे दिव्यांग व्यक्तीच्या मुक्त व माहितीपूर्ण संमतीवाचून तिच्यावर वंध्यत्व आणणारी कोणतीही वैद्यकीय प्रक्रिया करता येत नाही. गर्भपाताच्या बाबतीत मात्र याच अधिनियमाने तीव्र दिव्यांगत्व असल्यास वैद्यकीय मत व पालकाची संमती यांवर आधारित अपवाद ठेवला आहे. मानसिक आरोग्य अधिनियम, २०१७ याने मानसिक आजारावरील उपचार म्हणून निर्बीजीकरण करण्यास बंदी घातली आहे. परंतु त्या अधिनियमातील मानसिक आजाराच्या व्याख्येत बौद्धिक अक्षमतेचा समावेश नाही.

नैतिक विचार : शस्त्रक्रियेच्या बाजूने मुख्यतः तीन कारणे दिली जातात. पहिले, लैंगिक अत्याचारापासून संरक्षण. निर्बीजीकरणाने गर्भधारणा टळते, अत्याचार टळत नाही. उलट त्याचा एक पुरावा नाहीसा होतो आणि अत्याचारी अधिक निर्धास्त होतो. दुसरे, मासिक पाळीतील स्वच्छता. बौद्धिक अक्षमता असलेल्या बहुसंख्य मुलींना ही काळजी सरावाने शिकविता येते; ज्यांना ते शक्य नसते, त्यांना इतर दैनंदिन व्यवहारांतही मदत लागतेच. तिसरे, अपत्यसंगोपनाची असमर्थता. ही असमर्थता अक्षमतेच्या तीव्रतेवर, तसेच मिळणाऱ्या आधारावर अवलंबून असते. शिवाय संततिप्रतिबंधाचे कायमस्वरूपी नसलेले उपायही उपलब्ध आहेत.

याबरोबरच कुटुंबाची अडचणही खरी आहे. आपल्या पश्चात मुलीचे काय होणार, ही वृद्ध आईवडिलांची चिंता कायद्याच्या कलमाने दूर होत नाही. तथापि निवास, प्रशिक्षित सेवक व सुरक्षितता यांच्या अभावातून निर्माण झालेली अडचण शस्त्रक्रियेने सोडविली, तर समाजाच्या उणिवेची किंमत त्या व्यक्तीच्या शरीराला द्यावी लागते. गर्भाशयाच्या कर्करोगासारख्या व्याधीवरील शस्त्रक्रिया हा वेगळा प्रश्न होय; तो रोगोपचाराचाच भाग आहे.

संमती देण्याची क्षमता बुद्धिगुणांकाच्या आकड्यावरून ठरविता येत नाही. एखाद्या व्यक्तीला बँकेचा व्यवहार कळत नसला, तरी मूल हवे की नको हे तिला सांगता येणे शक्य असते. म्हणून सोप्या शब्दांत, चित्रांच्या साहाय्याने, पुरेसा वेळ देऊन व विश्वासातील व्यक्तीच्या उपस्थितीत माहिती देण्याची पद्धत आता पुरस्कारिली जाते. तिला साहाय्यित निर्णयप्रक्रिया म्हणतात. वंशशुद्धी आणि संरक्षण ही दोन्ही समर्थने परस्परांहून भिन्न दिसली, तरी शस्त्रक्रियेने ज्यांचा भार हलका होणार होता, त्यांच्याच हाती दोन्ही वेळा निर्णय होता. संबंधित व्यक्तीच्या संमतीची अट ही त्यावरील मुख्य मर्यादा होय.