पैशाचा तंटा आणि पोलीस संरक्षण

व्यापार म्हटला की उधारी आली आणि उधारी म्हटली की कधी ना कधी तंटा आलाच. इचलकरंजीचा माल विट्याला, विट्याचा कराडला आणि कराडचा खेड्यापाड्यांतील दुकानांत, अशी ही साखळी सारी तोंडी विश्वासावर चालते. एक कडी तुटली की वसुलीसाठी माणसे दारात येऊन बसतात. मग सल्ला मिळतो, "कोर्टातून पोलीस संरक्षण आणा, सगळे थांबेल." यात किती तथ्य आहे, ते आपण पाहू.

काही वर्षांपूर्वी आमच्यावरच ही पाळी आली. एका मागवाल्याचे देणे थकले होते. त्याची चार माणसे रोज दुकानासमोर उभी राहत, गिऱ्हाईक आत यायला कचरू लागले. आम्ही वकिलाकडे गेलो. त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, "देणे खरे आहे का?" आम्ही मान खाली घालून होय म्हणालो. ते म्हणाले, "मग नीट समजून घ्या. संरक्षण जिवाला मिळते, देण्याला नाही."

सारा मामला या एका वाक्यात आहे. देणेकऱ्यालाही मारहाण, धमकी, डांबून ठेवणे यांपासून बचावाचा पूर्ण हक्क आहे. त्यासाठी प्रथम पोलीस ठाण्यात लेखी फिर्याद द्यावी व पोच घ्यावी. दखल न घेतल्यास पोलीस अधीक्षकांना लिहावे, त्यानंतर न्यायदंडाधिकाऱ्याकडे जावे. घटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयाचे दारही उघडे आहे. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सातारा-सांगलीकरांची ती पायपीट वाचली आहे.

पण उच्च न्यायालय संरक्षणाच्या अर्जावर हिशेबाचा निवाडा करीत नाही. मालकी कोणाची, देणे कोणाचे, हा वाद दिवाणी न्यायालयाचा आहे आणि 'पोलीस संरक्षण' मागून तो आडवाटेने सोडवून घेता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली केरळमधून आलेल्या एका प्रकरणात स्पष्ट केले.

दिवाणी न्यायालयही पोलीस मदत देते, पण ती हुकुमाच्या मागून येते. आधी मनाई हुकूम हवा, तो मोडला जातो याचा पुरावा हवा. मग कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज करता येतो. हुकूमनामा झाल्यावर दरखास्तीत बेलिफाला अडथळा झाला, तरी पोलीस बंदोबस्त मागता येतो. याशिवाय महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ च्या कलम ४७ प्रमाणे स्वतःच्या अर्जावर जादा पोलीस मिळू शकतात. मात्र त्यांचा खर्च अर्जदाराने सोसायचा असतो.

आता घेणेकऱ्याची बाजू. पोलिसांकरवी वसुली करून घेऊ, असे मानणारे पुष्कळ आहेत. केवळ पैसे थकले म्हणून फसवणुकीचा गुन्हा होत नाही. व्यवहाराच्या वेळीच नियत खोटी होती, हे दाखवावे लागते. दिवाणी तंट्याला फौजदारी रंग देण्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी नाराजी दाखविली आहे.

यातला मोठा धोका मुदतीचा आहे. विकलेल्या मालाच्या रकमेचा दावा तीन वर्षांत लावावा लागतो. पोलीस ठाण्याच्या खेपा घालण्यात ही वर्षे निघून गेली, तर खरे घेणेही बुडते. मुदत संपण्यापूर्वी देणेकऱ्याने बाकी कबूल केल्याची सही दिली, तर मुदत नव्याने मोजली जाते. चेक परत आला तर बँकेची खबर मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस द्यावी. ती पोहोचल्यावर १५ दिवसांत पैसे न आल्यास पुढील एका महिन्यात फिर्याद करावी.

आमच्या प्रकरणाचा शेवट साधा झाला. माणसांच्या धमकीबद्दल आम्ही लेखी अर्ज दिला आणि त्याच आठवड्यात देण्याचे हप्ते कागदावर बांधून सही केली. माणसे उठली. हप्ते फेडताना घरातील दागिना मोडावा लागला, पण त्याच मागवाल्याचा माल आजही आमच्या दुकानात येतो.

उधारी लिहून ठेवावी, साक्षीदार ठेवावेत, हे आपल्याला लहानपणापासून सांगितले आहे. तेवढे पाळले, तर पोलीस आणि कोर्ट या दोहोंची पायरी बहुधा चढावी लागत नाही.